जलील मणियाराचा हिरवा रंग

भोरच्या बाजारपेठेत मणियारांची बांगड्यांची दुकाने दोन होती. एक हमरस्त्यावर, ऐसपैस, भिंतीला आरसा लावलेले. दुसरे बोळाच्या तोंडाशी आणि इतके अरुंद, की आत दोन बायका बसल्या म्हणजे तिसरीला उंबऱ्याबाहेर थांबावे लागे. गर्दी मात्र बोळातल्या दुकानात असायची, कारण तिथे हात दुखत नसे. १९३०च्या सुमारास या दुकानात दोन पुरुष बसत. गादीवर सत्तरीकडे झुकलेले दगडूभाई मणियार आणि त्यांच्या डाव्या हाताला लेकीचा मुलगा जलील. दगडूभाईंना मुलगा नव्हता. एकुलती लेक गुलजारबी त्यांनी गावातच दिली होती. जावई रफीक भोर ते नसरापूर टांगा हाकत असे आणि काचेच्या मालाला घोड्याइतकाच बिचकत असे; त्यामुळे दुकान जावयाला वळसा घालून थेट नातवाकडे चालत आले.

विसाव्या वर्षी जलीलचा हात आजोबांच्या हातापेक्षा हलका झाला होता. समोर आलेल्या तळव्याची चार बोटे तो नुसती धरून बघे, अंगठा तळव्याकडे वळवून सोडून देई, आणि बांगडीचे माप सव्वादोन की अडीच हे न मापता सांगे. मग अंगठ्याच्या बुडाशी असलेला सांधा एका बाजूने दाबला, की बांगडी मनगटावर कधी गेली ते बाईला कळत नसे. उत्रोलीपासून वेल्ह्यापर्यंतच्या बायकांचे हात त्याच्या बोटांखालून गेले होते, आणि त्यांतून त्याने काही गोष्टी आपल्याशी जमवल्या होत्या. भातलावणी करणाऱ्या हातांची कातडी राठ असते, पण राठ कातडीखालचा सांधा मऊ असू शकतो. काही घरांत आजीचा अंगठा जसा मागे वळतो तसाच नातीचा वळतो. काही घरांत करंगळी आत वाकलेली असते, आणि ती लेकींबरोबर सासरच्या गावी जाऊन तिथल्या पोरींच्या हातांत पुन्हा दिसते. बायकांची नावे तो विसरे. हात विसरत नसे.

रंगांच्या बाबतीत मात्र त्याच्या मनात एक जुनी शंका होती. गवत हिरवे असते आणि कुंकू लाल असते हे त्याला शाळेत कळले होते, आणि ते त्याने पाढ्यांसारखे पाठ केले होते. पण हिरवी बांगडी आणि विटकरी बांगडी शेजारी ठेवली, की त्याला एकाच वाळक्या पानाच्या दोन बाजू ठेवल्यासारखे वाटे. इतर लोक या दोहोंत जमीन-अस्मानाचा फरक सांगत. त्यांना उगाच फरक करायची हौस आहे अशी त्याने स्वतःची समजूत घातली होती. दुकानात त्याचे अडत नसे. पहिल्या फळीवर हिरव्या माळा, दुसरीवर लाल, तिसरीवर विटकरी, मग पिवळ्या, निळ्या, जांभळ्या हा क्रम त्याने जन्मापासून पाहिला होता, आणि दगडूभाई तो कुणाला मोडू देत नसत. गावांना न्यायचा हारा, म्हणजे बांबूची मोठी पाटी, भरतानाही आधी पहिली फळी, मग दुसरी, असाच माल खाली उतरे आणि हाऱ्यात डावीकडून उजवीकडे लागे.

१९३१च्या दिवाळीनंतर दगडूभाई तापाचे निमित्त होऊन आठ दिवसांत गेले. चाळीस दिवस सरल्यावर गुलजारबीने दुकानाला चुना काढायचे मनावर घेतले. बापाच्या पश्चात दुकान उजळ दिसावे, एवढाच तिचा हेतू होता. तिने फळ्या धुतल्या, जुन्या कळकट सुतळ्यांवरच्या माळा उतरवून नव्या दोऱ्यात ओवल्या, आणि मग, डोळ्यांना बरे दिसेल अशा रीतीने, हिरव्याशेजारी पिवळी, पिवळीशेजारी विटकरी अशी सगळी मांडणी बदलली.

"कसं दिसतंय?" तिने विचारले.

"लई छान," जलील म्हणाला, आणि कुठल्या फळीवर काय आहे ते शोधत उभा राहिला.

त्यानंतर दहाव्या दिवशी उत्रोलीच्या कोंडिबाच्या घरी लग्न होते. नवरीचा चुडा भरायला जलील सकाळीच गेला. मधल्या घरात उजेड बेताचा, बायकांची दाटी, एकीचे पोर दुसरीच्या मांडीवर, आणि नवरी सगुणा मान खाली घालून बसलेली. तिच्या उजव्या हातात त्याने दहा बांगड्या भरल्या, डाव्यात अकरा. एकही टिचली नाही. बायका वाखाणत होत्या. नवरीची आई ठकुबाई पोरीला औक्षणासाठी दाराशी घेऊन आली, उन्हात तिचे दोन्ही हात पुढे धरले, आणि तिथेच थबकली.

उजवा हात हिरवागार होता. डावा विटकरी.

"जलीलभाव," ठकुबाई हळूच म्हणाली, "ह्यो काय चेष्टेचा दिवस हाय का?"

जलीलने दोन्ही हातांकडे पाहिले. त्याला दोन्ही हात नीट भरलेले दिसले. "काय चुकलं, मावशी?" त्याने विचारले, आणि त्याच्या चेहऱ्यावर इतका प्रामाणिक प्रश्न होता की बाईचा राग अर्ध्यावरच ओसरला.

आता पंचाईत अशी, की भरलेला चुडा उतरवता येत नाही. एरवीची बांगडी हातातच तडकली तरी 'फुटली' म्हणत नाहीत, 'वाढवली' म्हणतात. मग लग्नाआधी नवरीच्या हातातल्या अकरा बांगड्या काढायच्या तर कोणी, आणि कोणत्या तोंडाने? बायकांत कुजबुज वाढली. अखेर कोंडिबाची थोरली चुलती अंबूबाई उठली. तिने हाऱ्यातून स्वतः हिरव्या माळा उपसल्या, जलीलपुढे टाकल्या, आणि म्हणाली, "मागं भर, फुडं भर, कोपरापातूर भर. इटकरी मधी झाकून जाऊं दे. ईहिनीनं इचारलं तर सांगा, आमच्या उत्रोलीत असंच असतं."

नवरीच्या डाव्या हातात त्या दिवशी तेवीस बांगड्या झाल्या. विहिणीने विचारलेही, आणि उत्तर ऐकून तिने मान डोलावली. पण बोळातल्या दुकानापर्यंत बातमी जलीलच्या आधी पोहोचली होती. टांग्यात बसलेल्या उत्रोलीच्या दोघांनी ती खुद्द रफीकलाच सांगितली होती, आणि रफीकने घोडा सोडायच्या आधी बायकोला.

"नजर कुठं व्हती तुझी?" गुलजारबीने विचारले.

"हातावर."

"हातावर असती तर रंग दिसला असता. पोरींच्या घोळक्यात बसून नजर ठिकाणावर राहात नसंल तर तसं सांग. शिरवळचा तुझा चुलतभाऊ गावं घ्यायला एका पायावर तयार हाय. तू बापाच्या टांग्यावर बस."

मणियाराची गावे वंशपरंपरेने ठरलेली असत. एकदा दुसऱ्याच्या हाऱ्याने ती ओलांडली की परत मिळत नसत. टांगा चांगला होता, घोडाही गरीब होता. पण जलीलला दुसऱ्या कशातच मन रमवता आले नसते. लगाम धरून बसायचे आणि बोटांना दिवसभर काही काम नाही, ही कल्पनाच त्याला सहन होईना. उंबऱ्यावर बसून तो स्वतःचाच अंगठा मागे-पुढे वळवत राहिला.

गुलजारबी बापाची लेक होती. जे मनात येई त्याची खातरी केल्याशिवाय तिला चैन पडत नसे. चार दिवसांनी तिने वाळलेल्या लाल मिरच्यांत मूठभर हिरव्या मिसळल्या आणि सूप जलीलपुढे सरकवले. "निवड." त्याने भराभरा निवडल्या, एक चुकली नाही. ती सुस्कारा टाकणार, तेवढ्यात तिच्या लक्षात आले की पोरगा निवडताना समोरच्या भिंतीकडे बघत होता. वाळकी मिरची बोटाला कळते. मग तिने परड्यातून ताज्या मिरच्या आणल्या, काही हिरव्या, काही पिकून लाल झालेल्या, आणि म्हणाली, "आता हात मांडीखाली घाल. नुसतं बघून सांग, लाल कुठल्या?"

त्याने सांगितल्या. दहातल्या चार बरोबर आल्या.

"पुन्यांदा सांग."

पुन्हा चार. पण त्या पहिल्या चार नव्हत्या.

गुलजारबीने सूप बाजूला सारले. "अम्मा," जलील म्हणाला, "खरं सांगू का? तुमी सगळी ह्यांना दोन रंग म्हनता म्हनून म्या बी म्हनतो."

तिला पोराचा राग आला नाही; ती एकदम निराळ्याच विचारात पडली. बाप हयात असताना तिने कधी फळीवरची माळ इकडची तिकडे केली, की ते का खेकसत? त्या जुन्या सुतळ्या उतरवताना प्रत्येक हिरव्या माळेच्या टोकाला एक गाठ होती, लालच्या टोकाला दोन, विटकरीच्या टोकाला तीन, आणि पिवळ्या-निळ्यांना एकही नव्हती. तिने त्या म्हाताऱ्याच्या सवयीच्या गाठी समजून कात्रीने कापल्या होत्या.

"तुझ्या बापाला म्हनावं टांगा जोड," ती म्हणाली. "सारोळ्याला जायचंय."

सारोळ्याला नीरेच्या पुलाजवळ दगडूभाईंचे धाकटे भाऊ बाबालाल यांचे मिठाचे दुकान होते. मणियाराच्या मुलाने मिठाचे दुकान का घातले, हा प्रश्न घरात कधी कुणी विचारला नव्हता. गुलजारबीने सगळी हकीकत सांगितली, उत्रोलीचा चुडा, मिरच्या, गाठी. बाबालाल ऐकत ऐकत आधी गालात हसले, मग खोकला येईपर्यंत हसले.

"पोरी, आमा दोघा भावांना बी त्येच व्हतं," ते म्हणाले. "आमच्या वाडवडलांनी चुडा आन काच इकायचा धंदा निवडला, आन अल्लानं आमाला डोळं असं दिलं. गाठीची अक्कल माझी. पन भाऊ चिकाटीचा. त्यो चाळीस वरसं गाठी चाचपत बसला. म्या म्हनलं, आपल्याला न्हाई जमायचं, आपन मीठ धरू. मीठ पांढरं. त्यात कोन काय चुकनार?"

"मंग नानांनी मला कदी सांगितलं कसं न्हाई?" जलीलने विचारले.

"त्याला वाटलं तुला दिसतंय. तू त्याला कदी इचारलंस का?"

"मला वाटलं त्यांस्नी दिसतंय," जलील म्हणाला.

हे ऐकून रफीकसुद्धा हसला. एकाच दुकानात आजोबा आणि नातू सात वर्षे मांडीला मांडी लावून बसले होते, गिऱ्हाईक आले की आजोबा म्हणत, "जलील, तुला बरी वाटंल ती माळ काढ," आणि नातू म्हणे, "नाना, तुमीच सांगा." बाहेरच्यांना ती अदब वाटे.

गुलजारबीचे डोके मात्र पुढे चालले होते. "चाचा, तुमच्या पोरांना?"

"पोरांना काय न्हाई. दोघंबी चांगलं बघत्यात. पन लेकीचा थोरला हाय ना लोणंदला, त्यो परवा जांभळी म्हनून निळी टोपी घालून आला आन आईसंगं भांडत बसला."

गुलजारबीने बोटांवर मोजले. बापाला होते, तिला नाही, तिच्या पोराला आहे. चाचाला आहे, पोरांना नाही, लेकीला नाही, लेकीच्या पोराला आहे. "म्हंजी ह्ये लेकीच्या वाटंनं जातंय," ती म्हणाली. "लेकीला शिवत न्हाई, पन तिच्या पदरात बांधून देतंय."

लाल आणि हिरव्यातला भेद न कळणे ही गोष्ट शंभर पुरुषांत चार-पाचांच्या वाट्याला येते, आणि ती आजोबांकडून लेकीमार्फत, तिला स्वतःला न बाधता, नातवाकडे जाते, हे युरोपातल्या वैद्यांनी एकोणिसाव्या शतकात वंशावळी तपासून नोंदवले होते. गुलजारबीला त्याची गंधवार्ता नव्हती. तिच्यापाशी दोन भावांचे कुटुंब आणि मिठाच्या पोत्यावर बसून काढलेली अर्धी दुपार एवढेच साहित्य होते, आणि तेवढ्यावर तिने अनुमान बरोबर बांधले. परतीच्या वाटेवर तिने जलीलला एवढेच सांगितले: "तुझा दोष न्हाई. पन नवरीच्या आईला त्याचं काय? वेल्ह्याला फाल्गुनात लगीन हाय, कुंडलिकाच्या घरी. गाठी मारून देते. तिथं जमलं तर गावं तुझी. न्हाई जमलं तर शिरवळकराला निरोप धाडते."

गाठी मारताना तिने एक जास्तीची काळजी घेतली. प्रत्येक गाठ दोनदा आवळली.

वेल्ह्याला जायचे म्हणजे नसरापूरपर्यंत बापाचा टांगा आणि पुढे गुंजवणीच्या कडेने बैलगाडी. गाडीत जलील सबंध वाटभर हाऱ्यात हात घालून गाठी चाचपत होता. एक, एक, दोन, तीन. गाडीवानाने विचारलेसुद्धा, की मणियारभाऊ जप करताय काय. कुंडलिकाच्या घरी पोहोचला तेव्हा ओसरीवर बायका जमल्या होत्या. मध्ये कुंडलिकाची म्हातारी आई फुलाबाई, तिच्याजवळ नवरी हौसा, आणि नवरीची आई रतनबाई दाराच्या चौकटीला टेकून, हाताची घडी घालून. उत्रोलीच्या चुड्याची गोष्ट तोरण्याच्या पायथ्यापर्यंत आली होती हे तिच्या उभे राहण्यावरूनच दिसत होते.

जलीलने एका गाठीची माळ काढली आणि पुढे ठेवली. हिरवी होती. बायकांनी एकमेकींकडे पाहिले.

"हिरवा हाय खरा," रतनबाई म्हणाली. "पन ह्यो नगं. ह्यो शेवाळी हाय. रोपाचा हिरवा काढा. कवळा, भाताच्या रोपावानी."

हाऱ्यात एका गाठीच्या माळा नऊ होत्या. गाठ हिरवा सांगत होती; कोणता हिरवा हे सांगायला तिच्यापाशी दुसरी गाठ नव्हती. जलीलने दोन माळा उचलल्या, खाली ठेवल्या, तिसरी उचलली. आजोबांची रीत त्याला आता ठाऊक होती: हसायचे, 'माई, तुमची पसंती ती आमची पसंती' म्हणायचे आणि वेळ मारून न्यायची. वाक्य जिभेवर आलेही होते. पण चाळीस वर्षे ते वाक्य म्हणत राहायचे या विचाराने त्याला एकाएकी फार दमल्यासारखे झाले.

"मला दिसत न्हाई," तो म्हणाला.

"काय दिसत न्हाई? उजेड कमी हाय?"

"उजेड बक्कळ हाय, माई. मला हिरवा रंगच उमगत न्हाई. हिरवा, लाल, इटकरी, समदं एकच. जन्मापास्नं. माझ्या आजाला बी तसंच व्हतं. उत्रोलीला म्या चेष्टा न्हाई केली, मला खरंच कळलं न्हाई."

रतनबाईने घडी घातलेले हात आणखी आवळले. "म्हंजी डोळं अधू असलेल्या मणियाराकडनं माझ्या पोरीचा चुडा भरायचा व्हय? आत्याबाई, त्या दुसऱ्या मणियाराला बोलवा. अजून दोन दिस हायेत."

फुलाबाईने सुनेकडे लक्ष दिले नाही. ती जलीलकडे निरखून बघत होती. "पिकलं उंबर कळतं का रं तुला झाडावर?"

"न्हाई, आजी. हातात घेतल्याबिगर न्हाई."

"आमच्या सोनबाला बी न्हाई कळत," ती म्हणाली. "माझा भाव. पोरवयात उंबरावर चढायचा, पिकलेली सोडून कच्ची घेऊन यायचा, आन आईचा मार खायचा. आज साठीचा झालाय, अजून कच्चीच आनतो."

मग कोंडी फुटल्यासारखे झाले. एकीने सांगितले, आपल्या दिराच्या पोराला दोन्ही पायांना सहा-सहा बोटे आहेत आणि चिखलणीला त्याचा पाय रुततच नाही, म्हणून गावकरी त्याला एका मजुरीत दोघांची कामे सांगतात. दुसरीच्या नवऱ्याला वासच येत नव्हता; सुकट करपली तरी तो 'आज काय केलंयस' विचारी, आणि यापेक्षा सुखाचा संसार तालुक्यात नव्हता. तिसरीच्या माहेरी भावाला जन्मापासून कपाळावर पांढरी बट; बाराव्या वर्षी तो पंचांत जाऊन बसला आणि कुणी उठवले नाही. रतनबाईची घाऱ्या डोळ्यांची जाऊ कोपऱ्यात बसली होती, तिने आपण होऊनच सांगितले की आपल्याला उन्हात पोरे मांजरी म्हणतात आणि आपण ओरबाडूनही दाखवतो.

"समदं खरं," रतनबाई म्हणाली, "पन सहा बोटं असलेला चुडा भरायला येत न्हाई."

हे बोलणे रास्त होते आणि जलीललाही ते पटले. "माई," तो म्हणाला, "रंग तुमी बघा. हात म्या बघतो. हात मला कळत नसंल तर म्या आत्ता हारा उचलतो. माझ्या डोळ्यांवर पदर टाका आन कुनाचाबी हात द्या. कुनाचा हात हितल्या घरचा, कुनाचा बाहेरनं आलेला, त्ये सांगतो."

अशी पैज बायका सोडतील तर काय. एकीने धुतलेले लुगडे त्याच्या डोक्यावरून टाकले. पहिला हात नवरीचा आला. मोकळ्या मनगटावरूनच ती ओळखू आली, तरी त्याने अंगठा वळवून पाहिला, मागे मनगटापर्यंत सहज गेला. "हितली लेक," तो म्हणाला. दुसरा हात सुरकुतलेला, पण अंगठा तसाच मऊ. "ह्या आजी. नातीनं अंगठा आजीचा घेतलाय." तिसरा हात ताठ, रुंद सांध्याचा. "ह्या बाहेरच्या, सून म्हनून आल्या. हातात अडीच बी दमानं जाईल." घाऱ्या डोळ्यांची जाऊ लुगड्याबाहेर फिसकन हसली. चौथा हात उगीचच घट्ट मूठ करून आला होता. त्याने ती मूठ हळूच उलगडली, अंगठा वळवला, सोडला, पुन्हा वळवला.

"हितल्या लेक," तो म्हणाला. "आजीच्या घरच्या."

एकच हशा झाला. "चुकला, चुकला जलीलभाव," घारी जाऊ म्हणाली. "ही तर थोरली जाऊबाई. सून हाय ती, लेक न्हवं."

जलीलने लुगडे डोक्यावरून काढले. समोर रतनबाई होती. तो ओशाळला. हात मागे घ्यायचे तिलाही भान राहिले नाही.

"चुकला न्हाई त्यो," फुलाबाई म्हणाली. "सून हाय खरी, पन माझ्या सोनबाचीच लेक. भाची सून करून आनली म्या. हात आमच्याच घरचा हाय. आमच्या आईचा हात हाय ह्यो." आणि तिने सुनेचा अंगठा स्वतःच्या हाताने मागे वळवून सगळ्यांना दाखवला, जणू नवीच वस्तू सापडली होती.

रतनबाई सोनबाची लेक, हे ऐकताच जलीलच्या डोक्यात आईचे मिठाच्या पोत्यावरचे वाक्य आले. त्याने जपून विचारले, "माई, तुमाला मुलगा हाय का?"

"हाय. चिमाजी. का?"

"उंबरं कशी आनतो?"

रतनबाईला एकदम बैलाची झूल आठवली. मागच्याच आठवड्यात तिने चिमाजीला शेंदरी गोंड्याची झूल आणायला नसरापूरला धाडले होते. त्याने हिरव्या गोंड्याची आणली होती आणि वर 'सांगितलीस तीच हाय' म्हणून दोन दिवस जेवताना फुरंगटला होता. तिने सासूकडे पाहिले. सासूने नातवाच्या दिशेने, म्हणजे गोठ्याकडे, पाहिले. दोघींना एकदमच हसू आले, आणि आत्या-भाचीचे हसणेही एकाच घरचे होते.

"गुमान बस," रतनबाई जलीलला म्हणाली, हाऱ्याशी मांडी घालून बसली आणि नऊ माळा उन्हात धरून धरून पाहू लागली. एक निवडायला तिने चांगली अर्धी दुपार घेतली. मग हौसाचा हात जलीलच्या हातात दिला. उजव्यात दहा, डाव्यात अकरा. एकही टिचली नाही. शेवटची बांगडी गेली तेव्हा तिने आपलाही हात पुढे केला आणि म्हणाली, "मला बी भर. सव्वादोन का अडीच, त्ये तूच सांग."

"सव्वादोन," जलील म्हणाला. "आजीला बी सव्वादोनच."

भोरला परतल्यावर गुलजारबीने पहिला प्रश्न विचारला, गाठी कामाला आल्या का. जलीलने खरे ते सांगितले. तिला आधी धक्का बसला, बापाने चाळीस वर्षे झाकलेली गोष्ट पोराने ओसरीवर मोकळी केली म्हणून. मग ती म्हणाली, "आन तरी भरून घेतल्या?" "समद्यांनी." शिरवळचा निरोप गेला नाही. चुलतभावाने पुढे साताऱ्याकडची गावे धरली आणि दोघांचे बरे चालले.

त्यानंतरची जलीलची पंधरा-सोळा वर्षे बोळातल्या दुकानातच गेली. लढाईच्या काळात परदेशी काच येईनाशी झाली आणि रंगांची चंगळ संपली. दुसऱ्या मणियारांनी डोक्याला हात लावले, जलीलला फारसा फरक पडला नाही. गावोगाव त्याची रीत रुळली होती. तो हारा मध्ये ठेवी आणि मागे सरकून बसे. याआधी बायका सहसा स्वतः रंग निवडत नसत. मणियार देईल तो हिरवा, असा शिरस्ता होता. आता त्या निवडू लागल्या, आणि एकदा निवडू लागल्यावर थांबेनात. शेवाळी, पोपटी, रोपाचा, आंब्याच्या पानाचा. जलीलला ही नावे फार आवडत, कारण त्याच्यापुरती ती नुसती नावेच होती.

लग्नानंतर त्याला दोन मुलगे झाले आणि एक मुलगी, झुबेदा. मुलगे सहा-सात वर्षांचे झाल्यावर त्याने एके सकाळी त्यांच्यापुढे मिरच्यांचे सूप ठेवले. दोघांनीही हात मांडीखाली घालून दहाच्या दहा ओळखल्या. जलीलने वरून शाबासकी दिली, पण जरासा खट्टू झाला हे गुलजारबीच्या नजरेतून सुटले नाही.

"तोंड का पाडलंस?" ती म्हणाली. "म्या सांगितलं व्हतं ना, लेकीच्या वाटंनं जातंय. झुबेदाच्या पोरांना मोजायला जगलास तर बघशील."

"आन झुबेदाला काय सांगू?"

"आत्ताच सांग. तुझ्या नानांवानी लपवत बसू नगंस."

म्हणून झुबेदा दहा वर्षांची असल्यापासून बोळातल्या दुकानाच्या उंबऱ्यावर बसून आलेल्या बायकांना सांगू लागली, की तिच्या बापाला हिरवा दिसत नाही आणि तिच्या होणाऱ्या मुलालाही कदाचित दिसणार नाही. बायका ऐकून घेत, तिच्या वयाकडे बघून हसत, आणि मग आत वाकून रंगावरून भांडू लागत. दोघी जावा आल्या म्हणजे तासभर निकाल लागत नसे. जलील तेवढ्या वेळात एकीचा हात आपल्या हातात धरून, अंगठा वळवून बघून, बांगडीचा आकार ठरवून ठेवी, आणि वाट बघत बसे.

"ठरलं की सांगा," तो म्हणे. "हात तयार हाय."